उचल आणि हमी

दसऱ्याच्या आधीच्या पंधरवड्यात आमच्या गावात दोन माणसं दारोदार फिरतात. एक ऊसतोडीचा मुकादम आणि दुसरा मी. मुकादमाच्या खिशात नोटा असतात, माझ्या पिशवीत काम मागायच्या नमुना ४ चे कोरे अर्ज. चहा दोघांनाही मिळतो. व्यवहार मात्र मुकादमाशी होतो, माझ्याशी नुसत्या गप्पा.

मी ग्राम रोजगार सेवक आहे. ग्रामसभेने निवडलेला, अर्धवेळ, आणि बरीच वर्षं ठरलेला पगार नसलेला. गावात जेवढी मजुरी वाटली जाईल तिच्यावर टक्केवारीने माझं मानधन निघायचं. ही कायदेशीर टक्केवारी, दुसरी नव्हे. तीही आली तर आली. बीड जिल्ह्यात बालाघाटच्या डोंगरपट्ट्यात आमचं गाव आहे. गावाचं नाव लिहीत नाही, कारण नाव लिहिलं की तालुक्याला राग येतो, आणि खरं तर या पट्ट्यातलं कुठलंही गाव घेतलं तरी गोष्ट हीच राहील. जमीन हलकी, मुरमाड. खरिपाला बाजरी, तूर, कापूस, अलीकडे सोयाबीन. रब्बी झाली तर झाली. दिवाळीच्या आगेमागे निम्मं गाव दाराला कुलूप लावतं आणि ट्रॅक्टर-ट्रकमध्ये संसार भरून पश्चिम महाराष्ट्रात नाहीतर कर्नाटकात ऊस तोडायला जातं. परत यायला गुढीपाडवा उजाडतो, कारखान्याचा हंगाम लांबला तर अक्षय्य तृतीया. मागे राहतात म्हातारी माणसं, त्यांच्या जिवावर ठेवलेली शाळेतली लेकरं आणि मी.

नवरा-बायकोच्या जोडीला तिकडे एक कोयता म्हणतात. मुकादम एका कोयत्याला हंगामाआधीच उचल देतो. अलीकडे ती लाखाच्या घरात गेली आहे. ती रक्कम घरात थांबत नाही. कुठे लेकीच्या लग्नाचं देणं असतं, कुठे दवाखान्याचं, कुठे पावसाळ्यात उडालेले पत्रे, कुठे कृषी सेवा केंद्राची बियाण्याची उधारी. सप्टेंबरअखेर ही सगळी देणी एकदम दारात उभी राहतात, आणि त्याच वेळी मुकादम येतो. त्याच्यासमोर मी नमुना ४ घेऊन जातो आणि सांगतो की आधी अर्ज करा, मग काम निघेल, मग मोजमाप होईल, मग पैसे खात्यावर येतील. हे सांगताना माझं मलाच हसू येतं.

पण रोजगार हमी योजना वाईट नाही. एवढ्या वर्षांत कितीही वैतागलो तरी हे मी कुणालाही ठामपणे सांगेन. तिच्या मुळाशी जो विचार आहे, तसा विचार गरिबांबद्दल आपल्याकडे फार कमी वेळा झाला.

माझी आई बहात्तरच्या दुष्काळात पाझर तलावाच्या कामावर होती. तो तलाव अजून आहे. गाळाने निम्मा भरलाय, पण त्याच्या खालच्या अंगाच्या विहिरींना अजून फेब्रुवारीपर्यंत पाणी टिकतं. आई खडी फोडण्याबद्दल, कामावर मिळणाऱ्या सुकडीबद्दल आणि मिलो ज्वारीच्या लाल भाकरीबद्दल सांगायची. त्या भाकरीबद्दल सांगताना तोंड वाकडं करायची. १९७३ च्या मे महिन्यात राज्यात सुमारे ५० लाख माणसं अशा दुष्काळी कामांवर होती. त्याआधी, १९६५ साली, वि. स. पागे यांनी सांगली जिल्ह्यात तासगाव तालुक्यातल्या विसापूरला एक प्रयोग केला होता: गावात जो अंगमेहनतीचं काम मागेल त्याला काम द्यायचं. दुष्काळाने तो विचार राज्यभर नेला. १९७७ मध्ये कायदा झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून तो लागू झाला. मागेल त्याला काम, आणि तेही उपकार म्हणून नव्हे तर हक्क म्हणून. देशात असं म्हणणारं पहिलं राज्य आपलं. त्यासाठी पैसा हवा म्हणून शहरातल्या नोकरदारांवर आणि व्यावसायिकांवर १९७५ मध्ये व्यवसाय कर बसवला गेला. पुढे २००५ मध्ये केंद्राने याच धर्तीवर कायदा केला, २ फेब्रुवारी २००६ ला अंमल सुरू झाला आणि २००८ पर्यंत तो देशातल्या सगळ्या ग्रामीण जिल्ह्यांत पोचला. त्या कायद्यात केंद्राची हमी घरटी १०० दिवसांची होती. त्यापुढे महाराष्ट्र स्वतःच्या पैशाने काम देतो, म्हणजे कागदावर आमच्याकडे वर्षभर हमी आहे. आमच्या गावात १०० दिवस पूर्ण करणारी घरं बोटावर मोजण्याइतकी. त्यापुढे जाणारं घर मी तरी पाहिलेलं नाही.

हे असं का, याचं उत्तर एका कागदाच्या कपट्यात आहे. नमुना ४ भरून दिला की मजुराला तारखेची पोच पावती मिळाली पाहिजे. त्या तारखेपासून १५ दिवसांत काम दिलं नाही तर राज्य सरकारला बेकारी भत्ता द्यावा लागतो: पहिले ३० दिवस मजुरीच्या किमान पाव हिश्शाने, पुढे किमान निम्म्याने. सगळ्या कायद्याचा जीव या पावतीत आहे, आणि म्हणूनच ती कुणी देत नाही. मला वरून कधी लेखी सांगितलं गेलं नाही की पावत्या देऊ नका. फोन येतो, तोही फार गोड आवाजात. ‘अहो, अर्ज घेऊन ठेवा, तारीख टाकू नका. काम मंजूर झालं की तारीख टाकू, म्हणजे तुम्हालाही त्रास नको आणि आम्हालाही.’ मग काम निघतं त्या आठवड्याची तारीख अर्जावर पडते. ऑनलाइन पाहाल तर आमच्या गावात मागितलेलं काम आणि दिलेलं काम यांचा आकडा जवळजवळ एकच दिसतो. वाचणाऱ्याला वाटावं, केवढं तत्पर गाव!

एकदा गावातल्या बचत गटाच्या काही बायका ग्रामपंचायतीत आल्या आणि पावती घेतल्याशिवाय जाणार नाही म्हणाल्या. उमेद अभियानाच्या प्रशिक्षणात त्यांना कुणीतरी कायदा समजावून सांगितला होता. तिथला एक जण त्यांना म्हणाला, ‘पावती कशाला मागायल्या? काम निघालं की सांगतो ना.’ त्यांच्यातली थोरली म्हणाली, ‘दादा, किराणावाला पाच रुपयाची उधारी बी वहीत मांडतो. आमचं अख्खं काम तोंडी कसं काय?’ मी पावत्या फाडल्या, सही केली, शिक्का मारला. दहाव्या दिवशी गावात नाला खोलीकरणाचं काम निघालं. इतक्या लवकर काम निघालेलं मी त्याआधी पाहिलं नव्हतं. आराखड्यात ते काम दोन वर्षं पडून होतं.

पैसा नव्हता, मंजुरी नव्हती, मजूर नव्हते ही जी कारणं ऐकायला मिळतात, त्यांवर माझा विश्वास तेव्हापासून उडाला.

कामावरचं चित्रही सांगितलं पाहिजे. शहरातल्या लोकांना वाटतं की रोजगार हमी म्हणजे झाडाखाली बसून हजेरी लावायची. तसंही होतं, नाही असं नाही. पण मजुरी दिवसावर मिळत नाही, मापावर मिळते. आठवड्याचं मस्टर, म्हणजे हजेरीपत्रक, बंद झालं की तांत्रिक सहाय्यक येतो, टेप लावतो, लांबी-रुंदी-खोली घेतो आणि मोजमाप पुस्तिकेत लिहितो. खोदताना मध्ये मध्ये मातीचा एकेक ठोकळा न खणता तसाच ठेवलेला असतो, मूळ जमीन कुठे होती ते कळावं म्हणून. माती, मऊ मुरूम, कठीण मुरूम, खडक, प्रत्येकाचा दर वेगळा. आमच्याकडे वीतभर मातीखाली कठीण मुरूम लागतो. त्यावर टिकाव मारला की ठिणग्या उडतात आणि संध्याकाळी बायकांचे तळहात सोललेले असतात. मोजायला आलेला माणूस घाईत असेल आणि त्याने वहीत ‘मऊ मुरूम’ लिहिलं, तर त्याच खड्ड्याची मजुरी निम्म्यावर येते. एका शब्दाचा फरक. तो शब्द लिहिला जाताना मजूर तिथे नसतात, कारण मस्टर संपल्यावर ते दुसऱ्याच्या शेतात निंदायला गेलेले असतात. म्हणून मी पुढे एक पद्धत पाडली. मापाच्या दिवशी गटातल्या दोघींनी तरी थांबायचं आणि साहेबांच्या हातात टिकाव द्यायचा. बस्स, एक घाव घाला म्हणायचं. बहुतेक साहेब हसून ‘कठीण’ लिहितात.

आता हजेरीही मोबाइलवर आली आहे. १ जानेवारी २०२३ पासून ॲपवर सकाळी एकदा आणि दुपारी एकदा मजुरांचा फोटो काढावा लागतो. बोगस हजेरी थांबावी हा हेतू, आणि तो हेतू मला मान्य आहे. पण आमच्या माळावर रेंज नाही. फोटो काढला तरी तो चढत नाही. मग एक जण फोन घेऊन देवीच्या टेकडीवर जातो आणि बाकीचे काम सोडून तो दिसेनासा होईपर्यंत बघत उभे राहतात. फोटो चढला नाही तर त्या दिवसाची हजेरी गेली. मापात ते काम असतं, खड्डा तिथे असतो, पण मशीनच्या लेखी माणूस नसतो. आणि ज्याला खोटंच करायचं आहे तो फोटोचाही फोटो काढतो. ॲपने चोराला एक दिवस थांबवलं आणि मजुराला कायमचं.

हे सगळं पार पडल्यावर पैशाचा प्रवास सुरू होतो. मोजमाप, मजुरीची यादी, तालुक्याला दोन सह्या, मग निधी हस्तांतरणाचा आदेश, मग वरून थेट खात्यात. मस्टर संपल्यापासून १५ दिवसांत मजुरी मिळाली पाहिजे. उशीर झाला तर सोळाव्या दिवसापासून रोज ०.०५ टक्के भरपाई. ही भरपाई किती होते ते मी एकदा मजुरांना हिशेब करून दाखवलं. २०२३-२४ मध्ये राज्यात दर होता २७३ रुपये. सहा दिवसांचे १,६३८. त्याची रोजची भरपाई ८२ पैसे. महिनाभर उशीर झाला तर पंचवीस रुपयेसुद्धा होत नाहीत. एक आजी म्हणाल्या, ‘बाबा, ते पंचवीस बी तुमच्या सरकारला राहू द्या, पर माझे सोळाशे कवा येणार ते सांग.’

जुन्या काळी सगळं छान होतं असं मला म्हणायचं नाही. आईच्या वेळी पगार रोख मिळायचा, कामावरच, पण वाटणारा हात आधी स्वतःच्या खिशात जायचा. मेलेल्या माणसांच्या नावावर अंगठे उठायचे. खात्यावर पैसे यायला लागल्यावर ते बरंच थांबलं. पण चोरी जिथे व्हायची ती जागा बदलली आणि उशिराला नवी नवी कारणं मिळाली. १ जानेवारी २०२४ पासून आधार जोडलेल्या खात्यावरच मजुरी द्यायची सक्ती झाली. आधार, जॉब कार्ड आणि बँक या तिन्ही ठिकाणी नाव अक्षराअक्षराने सारखं पाहिजे. आमच्या बायकांची नावं लग्नात बदलतात, मास्तरांच्या हातून बदलतात, कॅम्प लावणाऱ्या पोराच्या टायपिंगमध्ये बदलतात.

एका मावशींची गोष्ट सांगतो. विधवा बाई, दोन एकर कोरडवाहू, मुलगा-सून तोडीला. त्यांनी बांधबंदिस्तीच्या कामावर लागोपाठ मस्टरं भरली. माझ्या संगणकावर प्रत्येक वेळी दिसायचं, रक्कम जमा. त्यांच्या पासबुकात मात्र काही नाही. बँकेत गेल्या तर म्हणाले आमच्याकडे आलेले नाहीत. तालुक्याला गेलो तर म्हणाले आम्ही पाठवले. दोघंही खरं बोलत होते. मला कळायला बराच वेळ लागला की पैसे बँकेच्या नावावर जात नाहीत, आधारला शेवटचं जे खातं जोडलेलं असेल तिकडे जातात. मग मी विचारलं, मावशी, मधे कुठे अंगठा दिला होता का? त्या आठवत राहिल्या. रेशनला दिला, दवाखान्यात दिला, आणि हो, यात्रेत छत्रीखाली बसलेल्या पोराकडून मोबाइलचं सिम घेताना दिला. त्या एका अंगठ्यावर सिम तर मिळालंच, वर कुठल्यातरी बँकेत खातंही उघडलं गेलं होतं. त्या बँकेची शाखा त्यांनी कधी पाहिली नव्हती, नावही ऐकलं नव्हतं. पैसे तिथे सुखरूप होते. ते काढायला लागणारा फोन नंबर मात्र बंद पडलेला. शेवटी आधार पुन्हा जुन्या खात्याला जोडून, जुने पैसे हप्त्याहप्त्याने सोडवून घेतले. तोवर मावशींनी गटाचे हप्ते थकवले होते आणि गटाच्या बैठकीत खाली मान घालून बसल्या होत्या. पुढच्या दसऱ्याला त्या स्वतः मुलाबरोबर तोडीवर गेल्या, स्वयंपाकाला आणि नातवंडं सांभाळायला. मला म्हणाल्या, ‘भाऊ, तुमची काई चूक न्हाई. तुमचं सरकार लई सावकाश हाय.’

धोरण ठरवणाऱ्यांच्या ध्यानात ही गोष्ट येत नाही. सरकार समजतं की आपली स्पर्धा गरिबीशी आहे. आमच्या गावात सरकारची स्पर्धा मुकादमाशी आहे. मुकादम कामाच्या आधी पैसे देतो, सरकार कामानंतर, आणि तेही ज्याला काल पाहिजे होते त्याला पुढच्या महिन्यात. गरिबाला दर किती यापेक्षा पैसा कधी, हे जास्त महत्त्वाचं असतं.

दराचाही हिशेब करून बघा. जानेवारी २०२४ मध्ये ऊसतोडीच्या दरात ३४ टक्के वाढ झाली, टनाला २७४ रुपयांवरून ३६६ च्या आसपास. एक कोयता पहाटेपासून अंधार पडेपर्यंत मरमर करून दोन टन तोडतो. म्हणजे जोडीला साधारण ७३० रुपये. रोजगार हमीत त्याच वर्षी जोडीला ५४६. पुढे हमीचा माणशी दर २९७ झाला, २०२५-२६ मध्ये ३१२. फरक आहे, पण पालात राहणं, रात्री-अपरात्री गाडी भरायला उठणं, पोरांची शाळा बुडणं, अंगावरच्या दुखण्याकडे दुर्लक्ष करणं हे सगळं त्यात धरलं तर फरक उलटा होतो. आमच्या भागातल्या तोडणीवरच्या बायकांची गर्भाशयं काढण्याचा विषय २०१९ मध्ये विधिमंडळात गाजला, नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी समिती नेमली गेली. एक खाडा पडला तरी मुकादम दंड लावतो, म्हणून पाळीचा त्रासच नको, असं म्हणणाऱ्या बाया मी स्वतः ऐकल्यात. त्या काही हौसेने जात नाहीत. गटातली एक तरुण बाई सरळच म्हणाली, ‘घरी राहून दोनशे कमी मिळाले तरी चालतंय की. पर मिळायला तर पायजेत.’

आणखी एक फरक आहे, तो बायकाच सांगतात. कोयत्यात बाई अर्धी असते. उचल नवऱ्याच्या हातात पडते, हिशेब नवऱ्याशी होतो, उरलंसुरलं फिटतं की अंगावर राहतं हेही बाईला बाहेरून कळतं. हमीच्या कामात पुरुषाइतकाच दर आणि पैसे तिच्या स्वतःच्या खात्यावर. ज्या वर्षी पैसे वेळेवर आले, त्या वर्षी गावात शेळ्या वाढल्या. शेळी ही बाईची खरेदी असते, पुरुष कधी शेळी आणत नाही. मला कुणी या योजनेचं मूल्यमापन करायला सांगितलं तर मी आधी शेळ्या मोजेन.

२०२० चा उन्हाळा आठवतो. टाळेबंदीत तोडणीवरची माणसं अडकली, मग परत आली, शाळेत चौदा दिवस राहिली. बाहेर कुठेही काम नाही. पोलीस रस्त्यावर. तेव्हा गावाला हमीचाच आधार होता. केंद्राने त्या वर्षी मूळ तरतुदीत ४०,००० कोटी रुपये वाढवले. आमच्या डोंगरावर समतल चर खोदायला एवढी माणसं आली की टिकाव-फावडी कमी पडली. तालुक्यातून रोज फोन यायचा, पण उलटा: अजून कामं सुचवा. पंधरा दिवसांत मंजुरी, आठ-दहा दिवसांत पैसे. म्हणजे जमतं. ज्या यंत्रणेला एरवी दोन सह्यांना तीन आठवडे लागतात, तिला भीती वाटली की दोन दिवस पुरतात. कोरोना गेला, भीती गेली, सह्या पुन्हा जुन्या चालीवर आल्या.

विहिरींबद्दल न लिहिता थांबलो तर गावकरी मला माफ करणार नाहीत. आमच्याकडे रोजगार हमी म्हटलं की आज लोकांच्या डोळ्यांपुढे विहीर येते. २०२२ च्या शेवटी सिंचन विहिरीची रक्कम तीन लाखांवरून चार लाख झाली आणि अर्जांचा ढीग पडला. नियमाप्रमाणे विहीर मजुरांनी खोदायची, आणि एकूण कामांत मजुरीचा वाटा ६० टक्क्यांपेक्षा कमी नको. प्रत्यक्षात पंधरा-वीस फुटांखाली काळा पाषाण लागतो. तिथे माणूस काय करणार? सुरुंग लावावा लागतो, क्रेन लावावी लागते, आणि घाई असेल तर पोकलेन येतं. मस्टरवर मात्र भाऊ, वहिनी, मेव्हणा, चुलता यांची नावं. सगळ्यांना माहीत असतं, खाली गवंड्यापासून वर सहीवाल्यापर्यंत. याला भ्रष्टाचार म्हणायचं का? बिल काढताना टेबलाटेबलावर जे सांडतं, तो भ्रष्टाचारच आहे आणि त्यापायी दोन विहिरी अर्ध्यावर पडून आहेत. शेतकरी कर्जात गेला तो वेगळाच. पण मेव्हण्याच्या नावावर निघालेली मजुरी क्रेनवाल्याला गेली आणि विहिरीला पाणी लागलं, तर मी त्याला चोरी म्हणायला तयार नाही. नियम खोटा आहे, म्हणून कागद खोटा होतो. कठीण खडकातल्या कामाला यंत्राचा खर्च उघडपणे मान्य करा आणि मस्टरवर खऱ्या मजुरांचीच नावं येऊ द्या.

कारण विहिरीने जे होतं ते दुसऱ्या कशाने होत नाही. आमच्या गावात ज्या घरांना गेल्या काही वर्षांत हमीतून विहीर मिळाली आणि पाणी टिकलं, त्यातली बहुतेक घरं आता तोडीला जात नाहीत. एकाने कांदा केला, दुसऱ्याने मेथी-कोथिंबीर करून आठवडी बाजार धरला, दोघांनी दुभती जनावरं घेतली. १९९० मध्ये हमीला जोडून फळबाग योजना आली तेव्हा ज्यांनी माळावर सीताफळ लावलं, त्यांचंही तसंच. बीडच्या सीताफळाला पुढे भौगोलिक मानांकन मिळालं. गावाच्या मते ती झाडं आपोआप उगवली, पण खड्डे कुणी खोदले ते हजेरीपत्रकात आहे. खड्डे खोदायची मजुरी हा गरिबीवरचा उपाय नव्हे, तो तग धरण्याचा उपाय आहे. त्या खड्ड्यात काय लावलं जातं आणि ते कुणाचं असतं, यावर पुढचं ठरतं. ज्याच्याकडे जमीनच नाही त्याला मात्र विहीर मिळत नाही, झाडही मिळत नाही. गावातली भूमिहीन घरं, त्यात बहुतेक दलित, अजूनही दर दिवाळीला कुलूप लावतात. त्यांच्यासाठी वेळेवर मिळणारी मजुरी हाच एक दोर आहे.

म्हणून माझं म्हणणं लहान आहे. नवी योजना नको, नवं नाव नको, नवं ॲप तर मुळीच नको. सप्टेंबरमध्येच कामं मंजूर करून गावात जाहीर करा, म्हणजे उचल घ्यायची की नाही हे ठरवताना माणसाकडे दुसरा पर्याय असेल. पहिल्या दोन आठवड्यांची मजुरी राज्याने आपल्या तिजोरीतून आठवड्याच्या आत द्यावी आणि केंद्राकडून नंतर वळती करून घ्यावी. महाराष्ट्राला हे कठीण नाही. हे राज्य पंचवीस-तीस वर्षं ही योजना स्वतःच्या पैशावर चालवत होतं.

तुम्ही शहरात नोकरी करत असाल तर पगारपत्रक काढून बघा. ठरावीक पगारापुढच्या प्रत्येकाच्या पगारातून महिन्याला २०० रुपये आणि फेब्रुवारीत ३०० रुपये व्यवसाय कर कापला जातो, वर्षाला २,५००. हा कर आमच्या माळावरच्या कामासाठी म्हणून सुरू झाला होता, तेव्हा विचारायचा हक्क तुम्हालाही आहे. सुट्टीत गावी जाल तेव्हा ग्रामपंचायतीत एकच गोष्ट मागा: गेल्या वर्षी नमुना ४ चे किती अर्ज आले आणि त्यातल्या किती अर्जांना तारखेची पावती दिली. माहिती मिळाली नाही तर २ ऑक्टोबरच्या ग्रामसभेत उभं राहून विचारा. गावातल्या मजुराने विचारलं तर त्याला वर्षभर काम मिळणार नाही ही भीती असते. तुम्हाला ती नाही.